कल्पित उडता प्राणी रचताना : वजनापासून पिल्लापर्यंतचा क्रम

नाशिकमध्ये अद्भुतकथा लिहिणाऱ्या तरुण लेखकांची हस्तलिखिते माझ्याकडे वाचायला येतात, आणि त्यांतील उडत्या प्राण्यांच्या बाबतीत तीच ती चूक पुन्हा पुन्हा आढळते. आधी प्राण्याचे रूप ठरते, मग त्याच्या पाठीला पंख लावले जातात, आणि तो काय खातो, कुठे बसतो, सपाट जमिनीवरून वर कसा जातो हे प्रश्न कथा अर्ध्यावर आल्यावर निघतात. तेव्हा जादूखेरीज दुसरी वाट उरत नाही, आणि ती घाईत काढलेली असल्याने वाचकाच्या लगेच लक्षात येते. म्हणून पुढील टप्पे दिलेल्या क्रमानेच घ्यावेत. प्राण्याचे चित्र सर्वांत शेवटी काढायचे आहे. तोवर हात आवरणे अवघड जाते, पण ते आवरावेच लागते.

## पूर्वतयारी

वही, चौकटींचा कागद आणि साधा कॅल्क्युलेटर एवढे साहित्य पुरते. त्याहून महत्त्वाचे म्हणजे खरे उडते प्राणी नीट पाहून घेणे, आणि त्यासाठी नाशिककरांना लांब जावे लागत नाही.

पहिली फेरी त्र्यंबक रस्त्याने अंजनेरीची करावी. तिथल्या कड्यांच्या कपारींत लांब चोचीची गिधाडे राहतात. दुर्बीण घेऊन लांबूनच पाहावे. घरट्यांच्या जवळ जाऊ नये. सकाळी लवकर पोहोचल्यास पक्षी कपारीत नुसते बसून असल्याचे दिसते. ऊन कातळावर चढते, हवा तापून वर जाऊ लागते, आणि मग एकेक गिधाड पुढे झुकून पंख उघडते व जवळजवळ न फडफडता घिरट्या घेत वर सरकते. पंखांच्या टोकांची पिसे बोटांसारखी सुटी झालेली असतात आणि प्रत्येक पीस वाऱ्याने वर वाकलेले असते. ही वाकलेली पिसे वहीत काढून ठेवावीत.

दुसरी फेरी हिवाळ्यात निफाड तालुक्यातील नांदूर मध्यमेश्वरला करावी. गोदावरी आणि कादवा यांच्या संगमाजवळच्या या पाणथळ जागेला रामसर स्थळाचा, म्हणजे आंतरराष्ट्रीय महत्त्वाच्या पाणथळ जागेचा, दर्जा मिळाल्याचे २०२० साली जाहीर झाले. तिथे वारकरी नावाचा काळा, पांढऱ्या कपाळाचा पाणपक्षी पाहावा. त्याला थेट उडता येत नाही. पंख मारत, पाय आपटत तो पाण्यावरून बराच पळतो आणि मग वर उठतो. तिसरी फेरी संध्याकाळी, वटवाघळांची वस्ती असलेल्या एखाद्या जुन्या वडापिंपळाखाली करावी.

घरी करण्याचे कामही आहे. चिकनच्या दुकानातून पंखांसह अख्खी, सोललेली कोंबडी आणावी. तिचा उपयोग चौथ्या टप्प्यात होईल. नंतर ती अर्थातच शिजवता येते.

## टप्पा १ : जग आणि राहण्याची जागा

प्राण्याआधी हवा ठरवावी. गुरुत्वाकर्षण किती, हवा किती दाट, आणि प्राणी राहतो कुठे, या तीन प्रश्नांची उत्तरे वहीच्या पहिल्या पानावर लिहावीत. पृथ्वीसारखेच जग घेतले तरी उंची लिहावी, कारण वर जावे तशी हवा विरळ होते. नाशिक शहर समुद्रसपाटीपासून सुमारे ६०० मीटरवर आहे, तर बागलाणातील साल्हेर किल्ला १५६७ मीटरवर. साल्हेरच्या माथ्यावर त्याच पंखांना तेवढीच उचल हवी असेल तर वेग थोडा जास्त ठेवावा लागेल.

जग वेगळे घ्यायचे असेल तर शनीचा उपग्रह टायटन डोळ्यांसमोर ठेवावा. तिथले गुरुत्वाकर्षण पृथ्वीच्या सुमारे सातव्या हिश्श्याइतके आहे आणि पृष्ठभागाजवळची हवा आपल्या हवेच्या चौपटीहून अधिक दाट आहे. तिथे पंख बांधलेला माणूससुद्धा स्वतःच्या बळावर उडू शकेल. मोठे प्राणी सहज उडवायचे असतील तर हा प्रामाणिक मार्ग आहे.

सावधान : जगाचा एक आकडा बदलला की बाकीचेही बदलतात. सुमारे ३० कोटी वर्षांपूर्वी पृथ्वीच्या हवेत प्राणवायू आजच्यापेक्षा पुष्कळ जास्त होता आणि मेगान्यूरा हा चतुरासारखा कीटक पंखांच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत सुमारे ६५ ते ७० सेंटिमीटर भरत असे. हे वाचून लेखक प्राणवायू वाढवतात, पण तशा हवेत वणवा किती सहज पेटेल याचा विचार करत नाहीत. गवताच्या छपरांचे गाव आणि आग ओकणारा प्राणी तिथे एकत्र नांदणार नाहीत.

## टप्पा २ : वजन आणि पंखांचे क्षेत्रफळ

हा टप्पा सर्वांत जास्त वेळ घेतो, आणि त्याला तो द्यावा. बहुतेक लेखक इथेच घाई करतात.

मूळ अडचण अशी आहे. एखादा प्राणी सर्व बाजूंनी दुप्पट केला तर त्याच्या पंखांचे क्षेत्रफळ चौपट होते, पण वजन आठपट होते. म्हणजे पंखांच्या प्रत्येक चौरस मीटरवर दुप्पट भार येतो. चिमणी फुगवून हत्तीएवढी करता येत नाही ती यामुळे.

हिशेबासाठी एक सोपी रीत वापरावी. वजनाला पंखांच्या एकूण क्षेत्रफळाने भागावे, आलेल्या आकड्याचे वर्गमूळ काढावे आणि त्याला १२ ने गुणावे. नाशिकसारख्या ठिकाणी हवेत टिकून राहण्यासाठी प्राण्याला लागणारा किमान वेग त्यातून ताशी किलोमीटरमध्ये ढोबळमानाने मिळतो. गिधाडाचे वजन ६ किलो आणि पंखांचे क्षेत्रफळ ०.७५ चौरस मीटर धरले, तर भार ८ येतो आणि किमान वेग ताशी सुमारे ३४ किलोमीटर. आता तेच गिधाड चौपट मोठे करा. पंखांचा विस्तार ८.८ मीटर, क्षेत्रफळ १२ चौरस मीटर आणि वजन ३८४ किलो होते. भार ३२ वर जातो आणि किमान वेग ताशी ६८ किलोमीटर. एवढा वेग सपाट रानात धावून गाठणे या प्राण्याला शक्य नाही.

मग मर्यादा कुठे मानावी? आजच्या उडत्या पक्ष्यांत सर्वांत जड असणारे माळढोकाच्या कुळातील नर १८-१९ किलोंच्या आसपास थांबतात. पंखांच्या विस्तारात भटक्या अल्बट्रॉसची बरोबरी दुसरा जिवंत पक्षी करत नाही. त्याचे पंख साडेतीन मीटरपर्यंत जातात. नामशेष झालेल्या उडत्या सरीसृपांपैकी क्वेट्झालकोअ‍ॅटलस मात्र दहा मीटरच्या पुढे गेला होता आणि त्याचे वजन २०० ते २५० किलो असावे, असा बहुतेक अभ्यासकांचा अंदाज आहे. पृथ्वीसारख्या जगात २५० किलो ही वरची रेघ मानावी, असा माझा आग्रह आहे. त्यापुढे गेलात तर शेवटच्या टप्प्यात त्याची किंमत मोजण्याची तयारी ठेवावी.

याच रेघेवरचा प्राणी पुढील उदाहरणांसाठी घेऊ : वजन २५० किलो, विस्तार १० मीटर, क्षेत्रफळ १२ चौरस मीटर. भार सुमारे २१, किमान वेग ताशी ५५ किलोमीटर.

स्वार बसवायचा असेल तर तो आत्ताच बसवावा. खोगिरासह ६० किलोंचा स्वार धरला तर हाच वेग ताशी ६१ वर जातो. मी स्वतः स्वाराचे वजन प्राण्याच्या वजनाच्या चौथ्या हिश्श्याच्या आत ठेवायला सांगतो. त्यामुळे चिलखत घातलेला धिप्पाड सेनापती कथेतून वगळावा लागतो आणि त्याच्या जागी काटक, हलक्या अंगाची मुले-मुली स्वार होतात. माझ्या मते कथा त्याने सुधारते.

पडताळणी : उडता घोडा घेतला असेल तर तोही याच रीतीने मोजावा. ४०० किलोंच्या घोड्यावर २० चा भार ठेवायचा तर २० चौरस मीटरचे पंख लागतात, म्हणजे विस्तार बारा मीटरच्या पुढे जातो. मिटलेला एकेक पंख तबेल्याच्या कोणत्या दारातून आत जाईल, हे कागदावर काढून पाहावे.

## टप्पा ३ : पंखांचा आकार आणि अवयवांची मोजणी

क्षेत्रफळ ठरल्यावर आकार जागेप्रमाणे आपोआप सुचू लागतो. कड्यांवर राहून तापलेल्या हवेवर तरंगणाऱ्याला गिधाडासारखे रुंद, टोकाला बोटे फुटलेले पंख द्यावेत. समुद्रावर दिवसेंदिवस फिरणाऱ्याचे पंख लांब आणि अरुंद असतात. दाट झाडीत शिकार करणाऱ्याने शिक्र्याचे आखूड, रुंद पंख आणि लांब शेपटी घ्यावी. जंगलात दहा मीटर विस्ताराचा प्राणी सोडणे ही फार वेळा दिसणारी चूक आहे. तिथे त्याला पंख उघडायलाच जागा मिळत नाही.

पंख कशाचा आहे हेही ठरवावे. पिसांचा पंख फाटला तर थोडाच फाटतो आणि पीस पुन्हा येते. वटवाघळाचा पंख म्हणजे लांबलेल्या बोटांमध्ये ताणलेली कातडी असते. अंगठा तेवढा मोकळा राहतो, आणि त्याने ते फांदीवर चढते. असा पंख हवेत बोटाबोटाने वळवता येतो, पण मोठी भेग पडली तर ती भरून येईपर्यंत प्राणी जमिनीवरच राहतो. लढाईचे प्रसंग लिहिणाऱ्यांनी हा फरक आधी लिहून ठेवावा.

आता अवयव मोजावेत. पाठीचा कणा असलेल्या उडत्या प्राण्यांचे पंख म्हणजे त्यांचे पुढचे पायच आहेत, मग तो पक्षी असो की वटवाघूळ. चार पाय आणि शिवाय दोन पंख काढले तर सहा अवयव झाले, आणि त्या जगातले बेडूक, सरडे, गायी, माणसे यांचेही अवयव सहा का नाहीत, हे सांगावे लागते. यातून दोन वाटा निघतात. एकतर पुढचे पाय सोडून द्यावेत. नाहीतर पश्चिम घाटातील उडत्या सरड्याकडे पाहावे : त्याच्या फासळ्या बाजूंनी लांब वाढतात आणि त्यांवर कातडीचा पडदा ताणलेला असतो, त्यामुळे त्याचे चारही पाय शाबूत राहतात. मात्र तो झाडावरून झाडावर तरंगत जातो; पंख मारून वर चढणे त्याला जमत नाही.

सावधान : लांब, जड शेपटी आणि लांब मान एकाच वेळी देऊ नये. शरीराचा तोल पंखांच्या खालीच राहायला हवा. येवल्यातल्या संक्रांतीत ज्याने पतंग उडवला आहे त्याला माहीत असते, की दोरा बांधण्याची जागा बोटभर चुकली तरी पतंग गोते खातो. स्वारही म्हणूनच खांद्यांच्या मध्ये बसवावा.

## टप्पा ४ : छाती

आता कोंबडी घ्यावी. छातीच्या मधोमध हाडाची एक उभी धार हाताला लागते. ती उरोस्थीची धार, आणि उडण्याचे स्नायू तिलाच चिकटलेले असतात. वरचा मोठा स्नायू पंख खाली ओढतो. तो सुरीने अलगद सोडवला की खाली दुसरा, निमुळता पट्टा दिसतो. त्याच्या टोकाची पांढरी शीर खांद्यातून वर जाऊन पंखाच्या हाडाला मिळते. ती शीर चिमटीत धरून ओढल्यास मेलेल्या कोंबडीचा पंख वर उचलला जातो. मी हे अनेकांना करून दाखवले आहे, आणि ज्यांनी ते एकदा पाहिले त्यांनी पुन्हा कधी सपाट छातीचा उडता प्राणी काढला नाही.

चांगल्या उडणाऱ्या पक्ष्यांत हे स्नायू शरीराच्या वजनाच्या साधारण पाचव्या हिश्श्याइतके भरतात. आपल्या २५० किलोंच्या प्राण्यात ते ५० किलो झाले. त्यामुळे छाती पुढे आलेली, कंबर बारीक आणि मागचे पाय हलके, असे शरीर आपोआप तयार होते.

स्नायूचा रंगही ठरवावा. कोंबडीची छाती पांढरी असते. ती एकदम जोर लावते आणि लगेच थकते. कबुतराची छाती गडद लाल असते आणि ते मैलोन्‌मैल जाते. झडप घालून परतणारा प्राणी आणि स्थलांतर करणारा प्राणी यांना एकच छाती देता येत नाही.

## टप्पा ५ : श्वास आणि उष्णता

पक्ष्यांच्या फुप्फुसांतून हवा एकाच दिशेने वाहते, आणि तिला पुढे ढकलणाऱ्या हवेच्या पिशव्या अंगभर, काही हाडांच्या पोकळीतही पसरलेल्या असतात. पट्टकादंब हंस हिमालयाची विरळ हवा ओलांडतो त्यात या रचनेचा मोठा वाटा आहे. पर्वत ओलांडणाऱ्या प्राण्याला हीच रचना द्यावी.

उष्णतेचा विचार मात्र जवळजवळ कोणीच करत नाही. स्नायूंनी जाळलेल्या ऊर्जेपैकी सुमारे चौथा हिस्सा पंख हलवण्यात जातो आणि बाकीची अंगात उष्णता होऊन राहते. प्राणी जितका मोठा, तितके ती बाहेर टाकणे कठीण. उन्हाळ्यात वटवाघळे झाडावर लटकल्या लटकल्या पंखांनी वारा घेतात आणि अंग चाटून ओले करतात. गिधाडाची उघडी मान त्याला थंड ठेवायला मदत करते. दाट केसाळ, तासन्‌तास पंख मारणारा मोठा प्राणी मे महिन्याच्या मालेगावात उडवू नये.

## टप्पा ६ : उडी आणि उतरणे

हवेत असलेला प्राणी सगळेच लिहितात. तो तिथे पोहोचला कसा, हे फार थोडे लिहितात.

निसर्गात पाहावे तर चार रीती सहज सापडतात. गिधाड कड्यावरून स्वतःला खाली सोडते. मोठे वटवाघूळ फांदीवरून सुटते आणि पडता पडता वेग घेते. वारकरी पाण्यावरून पळतो. चौथी रीत रक्त पिणाऱ्या वटवाघळांची : ती जमिनीवर मिटलेल्या पंखांवर भार देऊन एकदम वर उसळतात. क्वेट्झालकोअ‍ॅटलससारखे प्राणीही असेच चारही अवयवांनी उसळत असावेत, असे अनेक संशोधकांना वाटते. आपल्या २५० किलोंच्या प्राण्याला यांपैकी पहिली किंवा शेवटची रीतच शोभेल.

यातून कथेला फार काही मिळते. कड्यावरून सुटणारा प्राणी द्राक्षबागेच्या तारांमध्ये उतरला तर अडकला. त्याला चालत, पंखांवर रांगत टेकाडापर्यंत जावे लागेल, आणि तेवढ्या वेळात गावकरी काठ्या घेऊन पोहोचतील. अंगणातून सरळ वर जाणारा प्राणी असा प्रसंग देऊच शकत नाही.

उतरताना वेग मारावा लागतो. पक्षी पंख उभे करून हवेला अडवतात आणि शेवटी पाय पुढे करतात, म्हणून पायांचे सांधे तो धक्का सोसणारे हवेत.

पडताळणी : कथेतील प्रत्येक जागेवर, जिथे प्राणी उतरतो, तिथून तो पुन्हा कसा उडणार हे समासात लिहावे. एकही समास कोरा राहता कामा नये.

## टप्पा ७ : आहार आणि संख्या

२५० किलोंच्या उबदार रक्ताच्या प्राण्याला नुसते जगायला दिवसाला सुमारे ४,४०० किलोकॅलरी लागतील आणि उडून-फिरून त्याच्या तिप्पट, म्हणजे जवळपास १३,०००. मांसाच्या रूपात ते रोजचे नऊ किलोंच्या आसपास येते. आता कड्यावर अशा चाळीस प्राण्यांची वसाहत ठेवा : रोज ३६० किलो मांस. एका शेळीपासून पंधरा किलो खाण्याजोगे मांस धरले तर रोज २४ शेळ्या झाल्या. एका खोऱ्यातल्या मेंढपाळांना हे वर्षभर परवडणार नाही.

म्हणून एकतर संख्या कमी करावी, किंवा प्राण्याला गिधाडासारखा तरंगणारा, कमी ऊर्जा खर्चणारा आणि मेलेल्या जनावरांवर जगणारा करावा. तो एकदा पोटभर खाऊन काही दिवस थांबू शकेल. पण पोट भरल्यावर त्याचे वजन वाढते, आणि दुसऱ्या टप्प्यातील हिशेब पुन्हा करावा लागतो. भरल्या पोटी उडता न येणे ही उणीव कथेत उघडपणे वापरावी.

## टप्पा ८ : पिल्ले आणि पिसे झडणे

एकही पक्षी जिवंत पिल्लाला जन्म देत नाही. अंडे घालून आई हलकी होते. वटवाघूळ बहुधा एकच पिल्लू देते आणि सुरुवातीचे काही आठवडे त्याला छातीशी घेऊन उडते. लांब चोचीचे गिधाडही वर्षाला एकच अंडे घालते. मोठ्या उडत्या प्राण्याला दहा पिल्ले देणे म्हणूनच पटत नाही.

पिसे असतील तर ती झडणारही. गिधाडांची पिसे थोडी थोडी बदलतात, त्यामुळे उडणे चालू राहते. अनेक बदकांची उडण्याची पिसे मात्र एकदमच गळतात आणि काही आठवडे ती पाण्यावरच लपून राहतात. ज्या राज्याचे सैन्य उडत्या प्राण्यांवर अवलंबून आहे, त्याच्या शत्रूला हे आठवडे नक्की माहीत असतील.

## टप्पा ९ : आग, वायू आणि जादू

आग हवीच असेल तर बॉम्बार्डियर भुंग्याचा अभ्यास करावा. तो दोन द्रव्ये पोटात साठवतो, ऐनवेळी त्यांची विकरांशी गाठ घालतो, आणि जवळजवळ उकळता फवारा शत्रूवर सोडतो. द्रव्य साठवायचे म्हणजे वजन आले, आणि ते संपले की पुन्हा तयार व्हायला वेळ लागतो. किती फवारे आणि किती दिवसांनी, हे आकडे आधी ठरवावेत.

पोटात हलका वायू भरून प्राणी तरंगवण्याची युक्ती मात्र सोडून द्यावी. एक घनमीटर हायड्रोजन सुमारे १.१ किलोच उचलतो. २५० किलोंसाठी २२० घनमीटरहून अधिक वायू लागेल, म्हणजे साडेसात मीटर व्यासाचा गोळा. तो फुगा झाला, आणि कड्यावरचा पहिला जोराचा वारा त्याला घेऊन जाईल.

जादू वापरायला माझा विरोध नाही. पण ती वरच्या टप्प्यांपैकी नेमक्या एकाच ठिकाणी वापरावी, ते ठिकाण वहीत लिहावे, आणि तिची किंमत शरीरानेच मोजावी. हाडे जादूने बळकट असतील तर ती टिकवायला प्राण्याला काय खावे लागते? एखाद्या खडकाची माती चाटावी लागत असेल, तर तो खडक नकाशावर दाखवावा.

## चित्र काढण्यापूर्वीचे शेवटचे पान

आता प्राण्याचा एकच दिवस एका पानावर लिहून काढावा, आणि दिवस मुद्दाम वाईट निवडावा. आषाढातली सकाळ घ्यावी : ब्रह्मगिरी ढगात बुडालेला, कातळ थंड, तापलेली हवा कुठेच नाही, पिसे भिजून जड झालेली. प्राणी दोन दिवसांचा उपाशी आहे, कपारीत एक पिल्लू आहे, आणि खाली दरीत एक मेलेली गाय पडलेली आहे. तो उडतो का? उडाला तर पुन्हा वर कसा येतो? पान भरेपर्यंत लिहावे, जिथे लेखणी अडेल त्या टप्प्याकडे परत जावे, आणि पान न अडता पूर्ण झाले की मग पेन्सिल हातात घ्यावी.